आदिवासी शिकारीच्या पद्धती: माग, फास, हाकारा आणि विष

पायवाट
जगभरातल्या मूलनिवासी समाजांच्या शिकारीबद्दल मराठीत फार तुटक वाचायला मिळतं. कुणी ‘रानटी’ म्हणून दोन ओळींत विषय संपवतं, तर कुणी ‘निसर्गाशी एकरूप’ म्हणून हार घालून मोकळं होतं. जनावर नेमकं कसं गाठायचे, फास कुठे लावायचे आणि तिथेच का, हे दोन्हींकडे येत नाही. म्हणून हा धागा. मी वाचलेलं मांडतो, भर घाला आणि चुकत असेन तिथे अडवा.

मला जे ठामपणे वाटतं ते आधी सांगतो. यातल्या बहुतेक पद्धतींत हत्यार सर्वात शेवटी येतं आणि त्याचा वाटाही सर्वात लहान असतो. जनावर कुठे येणार, कधी येणार, घाबरलं तर कुठे पळणार, हे शिकाऱ्याला आधीच ठाऊक असतं. ते ठाऊक नसेल तर भारी धनुष्य हाती देऊनही उपयोग नाही.

कलहारीतल्या सान लोकांचं उदाहरण घ्या. नामिबिया आणि बोत्सवानाच्या सीमेवर राहणाऱ्या जुहोआन्सींचं धनुष्य अगदी हलकं असतं. त्या बाणाने मोठं हरीण जागीच कोसळेल अशी अपेक्षाच नसते. बाणावर एका भुंगेऱ्याच्या अळीचं विष असतं. या अळ्या विशिष्ट झुडपांच्या मुळांशी जमिनीखाली कोशात दडलेल्या असतात आणि त्या खणून काढाव्या लागतात. विष टोकाला लावत नाहीत, टोकाच्या मागच्या दांडीवर लावतात. चालताना स्वतःला ओरखडा उठला तरी जीव जाऊ नये म्हणून ही काळजी. बाण तुकड्यांचा जोडलेला असतो. लागला की पुढचा विषारी भाग अंगात राहतो आणि मागची बोरूची काडी गळून पडते. एकसंध बाण असता तर जनावराने झुडपाला अंग घासून तो उपटून टाकला असता. गळालेली काडी शिकाऱ्याला सापडली की नेम लागल्याची खात्री होते.

पुढचं काम मागाचं. विष सावकाश चढतं. मोठं जनावर असेल तर दुसरा दिवस उजाडतो, कधी त्याहून अधिक वेळ लागतो. शिकारी घाईने पाठीमागे धावत नाहीत. माग पाहून ठेवतात, वस्तीवर परततात आणि सकाळी पुन्हा तोच माग धरतात. कळपाच्या शेकडो खुरांतून आपल्या जनावराचं खूर वेगळं ओळखायचं, पावलांतलं अंतर घटलं का, पाय ओढला जातोय का, ते कळपापासून सुटलं का, सगळं वाळूवर वाचायचं. खरी शिकार या वाचनात आहे.

कलहारीतच दुसरी एक रीत आहे, तिला धनुष्यही लागत नाही. मध्य कलहारीतले काही शिकारी भर दुपारी, पारा ४० अंशांच्या आसपास असताना, कुडू हरणाच्या मागे पळत राहतात. हरीण वेगात पुढे जातं आणि सावलीत थांबतं. माणूस मागावरून तिथे पोचतो, ते पुन्हा उठून पळतं. हरणाला अंग थंड करायला धापा टाकाव्या लागतात आणि चौखूर उधळताना त्या नीट टाकता येत नाहीत. माणसाला घाम येतो, त्यामुळे पळता पळताही त्याचं अंग निवत राहतं. काही तासांनी, बहुधा २५ ते ३५ किलोमीटरनंतर, हरीण उभं राहतं आणि हलत नाही. लुई लिबेनबर्ग या दक्षिण आफ्रिकी अभ्यासकाने स्वतः या शिकाऱ्यांबरोबर पळून याची नोंद केली.

आता टोक बदलतो, वाळवंटातून थेट आर्क्टिकला. तिथला कडेरी सील (रिंग्ड सील) हा सागरी प्राणी हिवाळाभर बर्फाखाली असतो आणि श्वासासाठी नखांनी बर्फात भोकं उघडी ठेवतो. बर्फ दोन मीटरपर्यंत जाड झाला तरी ती राखतो. एका सीलची अशी अनेक भोकं असतात, वर हिमाची चादर असते, त्यामुळे ती दिसत नाहीत. तिथल्या मूलनिवासी इन्युइटांची कुत्री वासावरून भोक शोधतात. शिकारी भोकात एक बारीक काडी उभी ठेवतो. सील वर आला की पाणी हलतं आणि काडी हलते. तोवर तासन् तास वाकून, पायाखाली केसाळ कातड्याचा तुकडा घेऊन उभं राहायचं, कारण बर्फावर पाऊल करकरलं तरी सील दुसऱ्या भोकाकडे जातो.

आणि त्यांच्या भाल्याचं टोक! ते दांड्यापासून सुटतं आणि दोरी ताणली की कातडीखाली आडवं फिरतं, काजातून गेलेलं बटण आडवं व्हावं तसं. सील कितीही ओढो, ते निघत नाही. अमेरिकेतल्या न्यू बेडफर्डला लुईस टेंपल या कृष्णवर्णीय लोहाराने १८४८ मध्ये फिरत्या टोकाचा लोखंडी हार्पून घडवला आणि देवमाशांच्या शिकारीचा सगळा धंदा त्यावर गेला. आर्क्टिकमध्ये हाडाचं आणि वॉलरसच्या सुळ्याचं टोक त्याच्या कितीतरी शतकं आधीपासून वापरात होतं.

एवढ्यावर थांबतो. जाळी, आग, मासे, कायदा, सगळंच बाकी आहे.

गवतफुला
सुंदर सुरुवात. मागाबद्दल एक भर घालते, कारण मला ती विलक्षण वाटते.

२०१३ मध्ये नामिबियातल्या तीन जुहोआन्सी मागकऱ्यांना फ्रान्समधल्या गुहांमध्ये नेण्यात आलं. तिथे हिमयुगातल्या माणसांचे पावलांचे ठसे टिकून आहेत. टुक दोदुबेर नावाच्या गुहेत मातीचे घडवलेले गवे आहेत आणि जवळच नुसत्या टाचांचे ठसे आहेत. टाचांवर चालण्यामागे काहीतरी विधी असावा, कुमारवयीन मुलांचं नृत्य असावं, असा तर्क तज्ज्ञांनी बांधला होता. मागकऱ्यांनी ठसे बघून सांगितलं की एक प्रौढ पुरुष आणि एक किशोर इथे माती न्यायला आले होते. जाताना आणि येताना पावलं किती खोल रुतली, यावरून ओझं होतं की नव्हतं हेही त्यांनी वाचलं.

हे लोक शाळेत गेले होते की नाही याला तिथे काही महत्त्व उरलं नाही. आयुष्यभर ज्याने वाळूवर पावलं वाचली त्याचं प्रावीण्य त्या गुहेतल्या कुणाही संशोधकापेक्षा वरचं होतं, आणि संशोधकांनी ते मानून त्यांना सहलेखकांच्या बरोबरीने वागवलं. असं आणखी व्हायला हवं.

उत्तररात्र
@पायवाट, पळून दमवण्याची शिकार फक्त कलहारीत एका ठिकाणी दिसली म्हणून ती अपवाद मानावी, असं बरीच वर्षं म्हटलं जायचं. ‘माणूस धावण्यासाठी घडला’ या सिद्धांतावरचा मुख्य आक्षेपही तोच होता. २०२४ मध्ये यूजीन मोरँ आणि ब्रूस विंटरहाल्डर या अभ्यासकांनी जुन्या प्रवासवर्णनांतून आणि मानववंशशास्त्रीय लिखाणातून अशा पाठलागांच्या जवळपास ४०० नोंदी काढल्या, त्याही जगाच्या वेगवेगळ्या भागांतून. काही ठिकाणी उन्हाऐवजी खोल हिमाचा उपयोग करत. हरणाचे खूर हिमात रुततात, माणूस पायाला हिमजोडे बांधून वरून चालतो.

म्हणजे तत्त्व तेच. जनावराला जे जड जातं आणि माणसाला सोसतं, ती वेळ निवडायची.

औषधी
भूल देणं हा माझा पेशा. विषाचा विषय निघाला आहे तर मला लिहायलाच हवं.

ॲमेझॉन आणि गयानातल्या अनेक समाजांमध्ये फुंकनळीची शिकार आहे. लांब पोकळ नळी, आत बारीक काडीचा बाण आणि त्यावर क्युरारे. क्युरारे वेलींच्या सालींपासून उकळून आटवून करतात. कोणत्या प्रदेशात कोणती वेल, बरोबर आणखी काय टाकायचं, हे ठरलेलं असतं. फुंकनळीला आवाज नाही. झाडावरच्या टोळीतलं एक माकड पडलं तरी बाकीची लगेच उधळत नाहीत. क्युरारेची दुसरी बाजू अशी की ते स्नायू सैल करतं. साध्या बाणाने जखमी झालेलं माकड फांदी घट्ट धरून वरच राहू शकतं. क्युरारे चढलं की पकड सुटते आणि ते खाली येतं. उंच झाडांच्या जंगलात हे किती नेमकं औषध आहे ते बघा.

युरोपीय डॉक्टरांना हे विष काय करतं ते बराच काळ कळत नव्हतं. १८१४ मध्ये चार्ल्स वॉटर्टन या प्रवाशाने लंडनमध्ये एका गाढविणीला क्युरारे टोचवलं. तिचा श्वास बंद पडला. मग श्वासनलिकेला छेद देऊन भात्याने हवा भरत राहिले. विष उतरल्यावर गाढवीण उठली आणि पुढे १८३९ पर्यंत जगली. हृदय चालू असतं, फक्त श्वासाचे स्नायू ढिले पडतात, हे त्यातून दिसलं. क्लोद बर्नार या फ्रेंच शास्त्रज्ञाने पुढे दाखवलं की हे विष नस आणि स्नायू यांच्या सांध्यावर काम करतं. १९३५ मध्ये हॅरॉल्ड किंगने त्यातलं शुद्ध द्रव्य वेगळं केलं. २३ जानेवारी १९४२ ला मॉन्ट्रियलमध्ये हॅरॉल्ड ग्रिफिथ आणि एनिड जॉन्सन यांनी शस्त्रक्रियेच्या वेळी क्युरारेचा अर्क वापरला. त्याआधी पोटाचे स्नायू सैल करायचे तर भुलीचं औषध धोकादायक मात्रेपर्यंत वाढवावं लागे. आज आम्ही क्युरारे वापरत नाही, पण जी औषधं वापरतो त्यातली कित्येक त्याच मार्गाने काम करतात.

मला हे रोज आठवतं असं म्हटलं तर अतिशयोक्ती नाही. माझ्या टेबलावरचा रुग्ण सुखरूप उठतो त्याच्या मुळाशी ॲमेझॉनच्या शिकाऱ्यांचं ज्ञान आहे, आणि त्यांच्यापैकी एकाचंही नाव आमच्या पाठ्यपुस्तकात नाही.

एक प्रश्न अनेकांना पडतो की असं मांस खाल्लं तर? क्युरारे पोटातून फारसं रक्तात जात नाही, म्हणून खाणाऱ्याला बाधत नाही. सानांच्या अळीच्या विषाचंही तसंच, ते रक्तात मिसळलं तरच मारक असतं, आणि तरीही जखमेभोवतीचं मांस कापून टाकतात. हे विष रक्तपेशी फोडतं, म्हणून त्याला वेळ लागतो. टांझानियातल्या हाडझा लोकांचं आणि बोर्निओतल्या पेनानांचं विष वेगवेगळ्या झाडांचं आहे, पण दोन्ही हृदयावर काम करतात. म्हणजे तीन खंडांत चार वेगळ्या वाटांनी माणसं एकाच शोधापर्यंत पोचली.

पायवाट
@औषधी, हा प्रतिसाद म्हणजे स्वतंत्र लेख आहे. मनापासून आभार.

विषावरून जपानच्या उत्तरेकडचे ऐनू आठवले. होक्काइदोत ते अमाप्पो नावाचा आपोआप सुटणारा बाण लावत. जनावराच्या वाटेवर आडवी दोरी असायची आणि बाजूला ताणून ठेवलेलं धनुष्य. दोरीला धक्का लागला की बाण सुटे. बाणाला बचनागाच्या कुळातल्या वनस्पतीचं विष. दोरी किती उंचीवर बांधायची हे हरीण की अस्वल यावर ठरे. १८७६ मध्ये तिथल्या जपानी प्रशासनाने विषारी बाणांची शिकार बंद केली आणि त्याऐवजी बंदुका घ्यायला सांगितलं. नद्यांतल्या सामन मासेमारीवरही बंधनं आली. जगण्याचे दोन्ही आधार काढून घेतल्यावर लोकांना शेतीकडे ढकलण्यात आलं. जपानने ऐनूंना मूलनिवासी म्हणून कायद्यात स्थान दिलं ते २०१९ मध्ये.

चिकित्सक
लेखन आवडलं, पण एक आक्षेप नोंदवतो. धागा हळूहळू ‘आदिवासी कधीच जास्त मारत नाहीत’ याकडे झुकतो आहे, तसं चित्र खरं नाही.

कोलोरॅडोमध्ये ऑल्सन-चबक नावाची जागा आहे. सुमारे १०,००० वर्षांपूर्वी तिथे शिकाऱ्यांनी जवळपास १९० गवे एका अरुंद घळीत हाकलले. तळाशी दबलेल्या गव्यांपर्यंत कुणाला पोचताच आलं नाही, ते न कापता तसेच राहिले. दुसरं उदाहरण न्यूझीलंडचं. माणूस तिथे साधारण १३०० च्या सुमारास पोचला आणि दीड-दोनशे वर्षांत मोआ पक्षी संपले. त्यांच्या सगळ्या जाती. तेव्हा कौशल्य मान्य, पण कौशल्य म्हणजे संयम नव्हे.

पायवाट
मान्य, आणि हे इथे यायलाच हवं होतं. पण तुमच्या दुसऱ्या उदाहरणाची पुढची गोष्टही आहे. मोआ गेल्यावर तिथल्या मूलनिवासी माओरी समाजात राहुईची रीत घट्ट झालेली दिसते. एखाद्या किनाऱ्यावर, नदीवर किंवा जंगलाच्या तुकड्यावर काही काळ काहीही घ्यायचं नाही, असा जाहीर निर्बंध. आजही तो घातला जातो. संयम जन्मजात नसतो, तो बेटावर राहून, नुकसान सोसून शिकला जातो, असं मला त्यातून दिसतं.

कड्यावरून गवे हाकलण्याबद्दल थोडं सविस्तर लिहितो, कारण लांबून ते नुसती झुंडशाही वाटते. कॅनडात अल्बर्टामध्ये ‘हेड-स्मॅश्ड-इन’ हा कडा आहे, १९८१ पासून जागतिक वारसा. जवळपास ६,००० वर्षं तिथे अशी शिकार झाली. ब्लॅकफूट लोकांचा तो प्रदेश. कड्यामागे चराईचं मोठं खोरं आहे. खोऱ्यातून कड्याकडे दगडांच्या लहान ढिगाऱ्यांच्या रांगा काही किलोमीटर जातात, आणि त्या कड्याजवळ अरुंद होत येतात. तरुण शिकारी गव्याच्या वासराचं कातडं पांघरून कळपापुढे जात, हरवलेल्या वासरासारखे ओरडत. माद्या त्यांच्यामागे सरकत. मागून लांडग्याचं कातडं घेतलेले दुसरे शिकारी कळपाला हलके दाबत. यात दिवसचे दिवस जात. वारा फिरला तर सगळी मेहनत वाया. अगदी शेवटी आरडाओरडा करून कळप उधळवत. गव्याची नजर तशी कच्ची, पुढच्याला कडा दिसेपर्यंत मागच्यांचा रेटा आलेला असे.

खाली बायका, म्हातारे, मुलं सगळे कामाला. मांस वाळवून, कुटून, चरबीत मिसळून पेमिकन करत, ते महिनोन् महिने टिके. काही वेळा पचवता येईल त्याहून अधिक गवे पडले असतील, तुमचं बरोबर आहे. पण ६,००० वर्षांत गवे संपले नाहीत. कातडी आणि रेल्वे यांच्या मागे आलेल्या बंदूकवाल्यांनी १९व्या शतकाच्या अखेरीला कोट्यवधींचे कळप हजाराच्या आत आणले.

गवतफुला
वर ‘बायका खाली मांस कापायला’ असं आलं म्हणून लिहिते. बाईच्या वाट्याला फक्त कापणं-वाळवणं होतं असं समजू नये.

फिलिपिन्समध्ये लुझॉन बेटावरच्या आग्ता समाजात बायका धनुष्यबाण आणि कुत्री घेऊन रानडुकराच्या आणि हरणाच्या शिकारीला जातात, हे अभ्यासकांनी राहून नोंदवलं आहे. मध्य आफ्रिकेच्या जंगलातल्या आका आणि म्बुती लोकांची जाळ्यांची शिकार तर बायकांशिवाय होतच नाही. झाडाच्या किंवा वेलीच्या सालीच्या धाग्याची लांबलचक जाळी, प्रत्येक कुटुंबाचं आपलं. सगळी जाळी जोडून अर्धगोल करायचा, समोरून हाकारा घालायचा, लहान हरणं त्यात येऊन अडकतात. म्बुतींमध्ये हाकारा बायका घालतात. मुलंही बरोबर असतात. मूल पाठीशी बांधून चाललेली ही शिकार आहे.

आणि ऑस्ट्रेलियाच्या पश्चिम वाळवंटातल्या मार्तू बायका. हिवाळ्यात घोरपडी बिळात असतात आणि काटेरी गवताखाली बिळं दिसत नाहीत. बायका वारा बघून गवताचा एक तुकडा जाळतात. जळून साफ झालेल्या जमिनीवर ताजं बीळ ओळखायचं आणि खणकाठीने खणायचं. जाळलेल्या तुकड्यांवर मग क्रमाक्रमाने वेगवेगळ्या वनस्पती येतात, त्यामुळे सगळं रान एका वयाचं राहत नाही, मोठा वणवाही अडतो. गेल्या शतकाच्या मध्यावर मार्तूंना मिशन आणि वस्त्यांकडे आणलं गेलं. रान रिकामं झालं आणि विजेने लागणारे वणवे अफाट पसरू लागले. ते परतल्यावर रेबेका ब्लीज बर्ड आणि सहकाऱ्यांनी वर्षानुवर्षं मोजणी केली. जिथे मार्तूंची शिकार अधिक, तिथे घोरपडीही अधिक आढळल्या. @चिकित्सक, शिकार वाढली तर प्राणी घटणारच, हे गणित तिथे चाललं नाही.

चिकित्सक
हे मला माहीत नव्हतं. ‘अधिक शिकार तिथे अधिक घोरपडी’ हा निष्कर्ष पचायला जड आहे, पण आगीची साखळी लक्षात घेतली तर पटतो. धन्यवाद.

कातळकडा
जाळी आणि फास निघाले आणि आपल्या फासेपारध्यांचं नाव अजून कुणी घेतलं नाही.

पारधी तातीचे किंवा दोरीचे फास ओळीने खुंट्यांना लावतात. तितर पकडायचे तर पिंजऱ्यात पाळीव तितर ठेवायचा, तो साद घालतो, रानातला नर आपल्या हद्दीत कोण आला म्हणून भांडायला येतो आणि फासात पाय अडकतो. हरणांसाठी शिकवलेली गाय किंवा बैल पुढे ठेवून त्याच्या आडोशाने चरत चरत जवळ जायचं. गुराला हरीण बुजत नाही. पक्ष्यांचे आवाज हुबेहूब काढणारे लोक या समाजात आजही आहेत.

या ज्ञानाचं आपण काय केलं? १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याची सावली त्यांच्यावर पडली आणि पोलिसात हजेरी लावणं नशिबी आलं. १९५२ मध्ये तो कायदा गेला, शिक्का गेला नाही. १९७२ च्या वन्यजीव कायद्याने शिकार बंद केली. ती बंद व्हायला हवीच होती, माळढोक आणि काळवीट यांची अवस्था बघता दुसरा मार्ग नव्हता. पण ज्यांचं पोट त्यावर होतं त्यांना बदल्यात जमीन, शाळा, काम असं काही मिळालं नाही. आजही कुठे चोरी झाली की पहिला संशय पारध्याच्या पालावर. ज्या माणसाला माळरानातलं प्रत्येक पाखरू आवाजावरून कळतं त्याला वनखात्याने सन्मानाने नोकरी द्यायला हवी होती. मध्य प्रदेशात पन्नाला पारधी मार्गदर्शक पर्यटकांना जंगलात पायी फिरवतात, माग दाखवतात. महाराष्ट्रात हे सगळीकडे का होऊ नये?

उत्तररात्र
+१. तामिळनाडूतल्या इरुळांचं उदाहरण याला जोडून द्यायला हवं. साप पकडून कातडी विकणं हे त्यांच्या उत्पन्नाचं साधन होतं. कातडीचा व्यापार बंद झाल्यावर १९७८ मध्ये सर्पतज्ज्ञ रोम्युलस व्हिटेकर यांच्या पुढाकाराने इरुळांची सहकारी संस्था उभी राहिली. साप पकडायचे, काही आठवडे ठेवून विष काढायचं आणि परत सोडायचे. भारतात सर्पदंशावर जे प्रतिविष बनतं त्याच्यासाठी लागणारं बरंचसं विष इथून जातं. २०१७ मध्ये फ्लोरिडातल्या अजगरांचा उपद्रव आवरायला मासी सडैयान आणि वडिवेल गोपाल या दोन इरुळांना तिथे बोलावलं. अजगराचा माग कसा काढायचा ते त्यांनी तिथल्या लोकांना दाखवलं. २०२३ मध्ये दोघांना पद्मश्री मिळाली.

कायदेकानू
कायद्याचा थोडा भाग. वन्यजीव संरक्षण कायद्यात कलम ६५ आहे, फार कमी लोकांच्या लक्षात असतं. निकोबार बेटांवरच्या अनुसूचित जमातींचे शिकारीचे हक्क या कायद्याने बाधित होत नाहीत, असं ते सांगतं. मुख्य भूमीवरच्या जमातींना अशी सूट नाही. २००६ च्या वनहक्क कायद्याने परंपरागत हक्कांची मोठी यादी मान्य केली, पण कलम ३ मध्येच शिकार करणं, सापळा लावणं आणि वन्यप्राण्याच्या शरीराचा भाग काढणं हे स्पष्टपणे वगळलं.

इतर देशांत न्यायालयांनी वेगळी वाट धरली. कॅनडात रोनाल्ड स्पॅरो या मस्कीम या मूलनिवासी समाजातल्या मच्छीमारावर परवान्यापेक्षा लांब जाळं वापरल्याचा खटला झाला. १९९० मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने मूलनिवासींचा मासेमारीचा हक्क राज्यघटनेने रक्षिलेला मानला. पहिला विचार माशांच्या संवर्धनाचा, त्याच्या खालोखाल मूलनिवासींची अन्नाची गरज, आणि मग बाकी सगळे, असा क्रम लावला. ऑस्ट्रेलियात मरांडू यानर यांनी परवान्याशिवाय दोन लहान मगरी मारल्या होत्या, १९९९ मध्ये उच्च न्यायालयाने (तिथलं ते सर्वात वरचं न्यायालय) त्यांच्या बाजूने निकाल दिला. त्यांचा हार्पून पारंपरिक होता, पण होडीला इंजिन होतं. परंपरा म्हणजे जुनी साधनंच वापरायची असा अर्थ न्यायालयाने लावला नाही, हे मला महत्त्वाचं वाटतं.

पायवाट
@कायदेकानू, शेवटचा मुद्दा कळीचा आहे. इन्युइट आज स्नोमोबाइलवर जातात, रायफल वापरतात, म्हणून ‘आता कसली परंपरा’ असं म्हणणारे भेटतात. पण वसंतात आणि उन्हाळ्यात सीलची चरबी कमी असते, बर्फ वितळून वरचं पाणी गोडं होतं, आणि गोळी लागलेला सील बुडतो. त्याला धरून ठेवायला हार्पून लागतोच. कोणत्या दिवशी बर्फावर पाय ठेवायचा नाही, हेही रायफल सांगत नाही.

नियम साधनाइतकेच जुने आहेत हेही सांगायचं राहिलं. जुहोआन्सींमध्ये बाण ज्याचा, मांस वाटण्याचा मान त्याचा, मग तो शिकारीला आला असो वा नसो. बाण एकमेकांना दिलेले असतात, म्हणून हा मान कधी म्हाताऱ्याकडे जातो, कधी एखाद्या बाईकडे. मोठी शिकार करून आलेल्याची मुद्दाम हेटाळणी करतात, ‘हे हाडकुळं कशाला आणलंस’ म्हणून. रिचर्ड ली या मानववंशशास्त्रज्ञाला त्यामागचं कारण लोकांनीच सांगितलं: तरुण माणूस शिकारीवर शिकार करू लागला की स्वतःला मोठा समजतो आणि एक दिवस कुणाचा तरी जीव घेतो, म्हणून त्याचं मन थंड करायचं.

गवतफुला
कॅनडातल्या लॅब्राडॉरच्या इन्नूंचा खांद्याच्या हाडाचा विधीही इथे बसेल. कॅरिबूचं (उत्तर अमेरिकेतलं रेनडिअर) खांद्याचं चपटं हाड निखाऱ्यावर धरतात, त्यावर डाग आणि भेगा उमटतात आणि त्यावरून शिकारीची दिशा ठरवतात. ओमर खय्याम मूर या समाजशास्त्रज्ञाने १९५७ मध्ये म्हटलं की शिकारी नेहमी मागच्या यशाच्याच दिशेने गेले तर कॅरिबू त्या वाटा टाळू लागतील. भेगांवर काही प्रमाणात नशिबाचा हात असल्यामुळे शिकाऱ्यांचा साचा बनत नाही. यावर पुढे वादही झाले. पण विधीला अंधश्रद्धा म्हणून बाजूला सारण्याआधी तो प्रत्यक्षात काय करतो हे विचारायची सवय मला त्या लेखाने लावली.

औषधी
कुणीतरी माशांबद्दल लिहा. फुंकनळी, बाण, फास सगळं झालं, पाणी राहिलं.

पायवाट
@औषधी, लिहितो, कारण मला स्वतःला यातली सर्वात आवडती जागा पाण्यातलीच आहे.

ऑस्ट्रेलियात व्हिक्टोरियाच्या नैर्ऋत्येला बज बिम नावाचा निद्रिस्त ज्वालामुखी आहे. त्याच्या लाव्ह्याने ओढे अडले, दलदली झाल्या. गुंडिचमारा लोकांनी त्याच काळ्या दगडांतून चर खोदले, बांध रचले, तळी केली. पावसाळ्यात पाणी चढलं की वाम या चरांतून तळ्यांत येते. तिथे ती अडवून वाढू द्यायची आणि परतीच्या वाटेवर, बांधाच्या फटीत, विणलेली लांब निमुळती टोपली लावायची. टोपलीचं मागचं तोंड बारीक असतं. वामीचं डोकं त्यातून बाहेर आलं की पकडता येतं, लहान वाम निसटून जाते. या रचनेतला सर्वात जुना भाग सुमारे ६,६०० वर्षांपूर्वीचा आहे. वाम तिथे धुरावर वाळवून साठवत आणि तिचा व्यापारही होई. त्यामुळे हे लोक दगडी पायाच्या झोपड्यांत वस्ती करून राहिले.

२०१९ मध्ये युनेस्कोने ही जागा जागतिक वारसा यादीत घेतली. मूलनिवासींच्या संस्कृतीच्या आधारावरच यादीत गेलेली ती ऑस्ट्रेलियातली पहिली जागा. त्यानंतरच्या उन्हाळ्यात तिथे वणवा लागला. गवत आणि झुडपं जळाल्यावर आधी नोंद नसलेले चर उघडे पडले, त्यातला एक जवळपास २५ मीटर लांबीचा. राखणदारीचं काम गुंडिचमारा रेंजरच करतात.

न्यू साउथ वेल्समध्ये बारवन नदीत ब्रेवारिनाला दगडांच्या वर्तुळांचे असेच मत्स्यसापळे आहेत, त्यात कोणतं वर्तुळ कोणत्या कुटुंबाचं हे ठरलेलं होतं. त्यावर कुणाकडे अधिक माहिती असेल तर इथेच लिहा, वेगळा धागा काढू नका.